जामीन न घेणारे काका

"उचलतंय सगळा आणि जातंय गावाक!"

हे वाक्य आमचे काका, म्हणजे कारखान्याचे मालक, दिवसातून किती वेळा म्हणायचे, देव जाणे. लाइट गेली की म्हणायचे. ऑपरेटर उशिरा आला की म्हणायचे. चहात साखर जास्त पडली तरी तेच. मरोळच्या त्या गाळ्यात प्लास्टिकची झाकणं बनायची, बाटल्यांची. मी ती तपासायला आणि भरायला लागले तेव्हा पहिल्याच आठवड्यात घाबरले होते. म्हटलं, आत्ता कुठे नोकरी लागली आणि मालक निघाला गावी. शबाना माझ्या शेजारी पॅकिंगला बसायची. ती म्हणाली, "टेन्शन नको घेऊस गं. हे कधीपासून गावाला निघालेत, अजून मरोळ नाक्यापर्यंत पोचले नाहीत."

मी हे चिडून सांगतेय, ते आधीच सांगून टाकते. काका गेले. बोरिवलीला त्यांच्या तेराव्याला जो येत होता तो एकच बोलत होता, "देवमाणूस होता हो!" मी भिंतीला टेकून पानावर बसले होते आणि माझं डोकं फिरत होतं. देवमाणूस म्हणे! अरे, त्या देवमाणसाने आम्हा सगळ्या बायकांची चालती नोकरी घालवली, तेही बोला ना कोणीतरी. पण मेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलायचं नसतं. म्हणून तिथे गप्प बसले. इथे नाही बसणार.

काकांचा बाप परळला गिरणीत होता. काका जन्मले परळला, शिकले परळला, पण तोंडात भाषा गावची, ती मालवणीच. समोर जौनपूरचा ऑपरेटर असो नाहीतर सेल्सटॅक्सचा साहेब, ते मालवणीतच बोलायचे आणि समोरच्याला समजलं नाही तर त्यालाच ओरडायचे. सोमवारी सकाळी मशीन चालू करायच्या आधी गाऱ्हाणं व्हायचं. प्लास्टिकचा दाणा ओततात त्या मशीनच्या तोंडाशी नारळ धरून काका डोळे मिटायचे. "बा देवा म्हाराजा! ह्या लेकरान तुका नारळ ठेवलो हा, तो मान्य करून घे. लाइट जाऊक देव नको. गिऱ्हायकान दिलेलो चेक वटूक व्हयो. आणि कोण वाकडा-नाकडा बगत आसात, तर त्याका तू बगून घे, म्हाराजा!" आणि आम्ही सगळ्यांनी ओरडायचं, "होय म्हाराजा!" सगळ्यात मोठा आवाज त्या जौनपूरच्या ऑपरेटरचा. त्याला एक अक्षर कळायचं नाही, पण चेक वटला की पगार होतो एवढं त्याला पक्कं ठाऊक होतं.

मशीन 'बंद कर' असं त्यांच्यासमोर बोलायची सोय नव्हती. दिवा वाढवतात, दुकान वाढवतात, तसं मशीन 'वाढवायचं'. एकदा नवा हेल्पर आला, त्याला काका म्हणाले, "सांज झाली, वाढव मशीन." त्याने बिचाऱ्याने स्पीड वाढवला. अर्धं पोतं झाकणं वाकडी झाली. काका त्याला बोलले नाहीत. ऑफिसात जाऊन बसले आणि आतून आवाज आला, "उचलतंय सगळा आणि जातंय गावाक!"

तीन मशिनी होत्या. थोरली, मधली, धाकटी. सुना असाव्यात तशी त्यांची नावं आणि तशीच त्यांच्याविषयीची बोलणी. "आज धाकटी रुसली हा," म्हणायचे, तळहात टेकवायचे, आणि खरोखरच तेल तापलेलं असायचं. हे मला आवडायचं, खोटं कशाला बोलू? आणि गावाचं म्हणाल तर गणपतीला जायचे, तेवढंच. तिकडून लगेच फोन. "धाकटी बरी आसा मा? दाणा इलो?" आम्ही इकडे हसायचो. गावाला गेलं की या माणसाचा जीव मरोळला आणि मरोळला असला की गावाला.

आणखी एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं कळणार नाही. माझी मुलगी नर्सिंगला लागली तेव्हा पतपेढीचं कर्ज काढत होते. जामीनदार हवा होता. नवरा नाही, सासरे नाहीत. मागणार कोणाकडे? गेले काकांकडे. जामीन शब्द ऐकल्यावर माणूस खुर्चीतून उठलाच. "नाय. जामीन सोडून काय ता माग." मला एवढा राग आला होता की वरच्या, तिसऱ्या मजल्यावरच्या गाळ्यातून खाली येईपर्यंत मनात नोकरी सोडलीसुद्धा. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला बोलावलं आणि मुलीची पूर्ण फी हातात ठेवली. "फेड, जमात तशी." मग शबानाने सांगितलं. काकांचा बाप गिरणीतल्या एका दोस्ताला जामीन राहिला होता. दोस्त गेला पळून, आणि यांची परळची खोली गेली. आई चार पोरं घेऊन नातेवाइकाच्या गॅलरीत राहिली. तेव्हापासून यांच्या घरात कायदाच, कोणाला जामीन राहायचं नाही आणि कोणाला जामीन ठेवायचं नाही.

ठीक आहे. दुखलेलं असतं माणसाचं, समजू शकते मी.

आता तो दाणावाला. प्लास्टिकचा दाणा पुरवणारा व्यापारी, अंधेरीचा. दर आठवड्याला यायचा, काकांच्या समोर बसून चहा प्यायचा, गोड बोलायचा. त्याने एकदा माल पाठवला तो भेसळीचा, भंगारातून वितळवलेला. झाकणं फिरवली की तडकायची. मीच पहिल्यांदा काकांना नेऊन दाखवली. काकांनी सगळी पोती परत टेम्पोत चढवली. व्यापाऱ्याने ती घेतलीच नाहीत, उलट कोर्टात दावा लावला, की माल घेतला आणि पैसे बुडवले. आणि सोबत आणखी एक अर्ज. हा माणूस कारखाना गुंडाळून कोकणात पळणार आहे, म्हणून निकाल लागायच्या आधीच याच्या मशिनी जप्त करा. पुरावा काय? तर व्यापारी म्हणतो, मी स्वतःच्या कानांनी ऐकलंय, आठवड्यातून एकदा हा मला हेच सांगतो, 'सगळं उचलतो आणि गावी जातो.'

चहा प्यायला आमचा, आणि लिहून दिलं हे! नालायक माणूस.

आमच्या वकीलबाई तरुण होत्या, माझ्या घाटकोपरच्याच, ओळखीतल्या. त्यांनी समजावून सांगितलं. "घाबरू नका. दावा खोटा आहे, आपण जिंकू. पण त्याला वेळ लागणार. तोवर कोर्टाची एवढीच खात्री पटवायची, की तुम्ही कुठे जात नाही. काका, साहेबांनी विचारलं तर फक्त 'नाही' म्हणायचं. एक शब्द."

"एकच?" काका म्हणाले.

"एकच."

मी मुद्दाम सोबत गेले होते. व्यापाऱ्याचा वकील उभा राहिला आणि त्याने ते वाक्य वाचून दाखवलं. मालवणी वाक्य, पण सपाट, रेल्वेची घोषणा करतात तसं. लोक हसले. काकांची मान लाल झाली. मी त्यांचा शर्ट मागून धरला होता, शपथेवर सांगते. न्यायाधीशांनी समजुतीच्या आवाजात विचारलं, "काय हो, जाणार आहात का कारखाना घेऊन?"

काका उठले. "माझी मशिना, माझो गाव! खंय व्हयी थंय नेईन. जातंय गावाक! कोण अडवता बगतंय!"

वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे. आयुष्यात कधी गेला नाही हा माणूस, आणि जिथे बोलायचं नाही नेमकं तिथे निघाला. न्यायाधीश काय करणार? त्यांनी हुकूम दिला, की दाव्याच्या रकमेइतकं तारण द्या. बँकेची हमी द्या, नाहीतर जामीनदार आणा. पुढच्या तारखेपर्यंत दिलंत तर मशिनींना हात लागणार नाही. नाही दिलंत तर जप्ती.

बाहेर आल्यावर मी तोंड सोडलं. "एक शब्द सांगितला होता ना तुम्हाला? एक!" काका कोर्टाच्या पायरीवर बसले होते, पाण्याची बाटली हातात. म्हणाले, "तो माझी टिंगल करी होतो गो." टिंगल! टिंगलीपायी आमच्या सगळ्यांची वाट लागणार होती.

बँकेची हमी घ्यायला बँकेत आधी पैसे ठेवावे लागतात, ते नव्हते. काकांचं घर आधीच बँकेकडे गहाण. राहिला जामीनदार. काकांनी स्वतः कोणाला विचारलं नाही, विचारणारच नव्हते. मग मी बोलले, वकीलबाईंच्या समोरच. घाटकोपरला माझी खोली आहे, वन रूम किचन, सोसायटीतली. सासऱ्यांच्या गिरणीच्या पैशातून घेतलेली, आता माझ्या नावावर. म्हटलं, "मी राहते जामीन."

काका बघतच राहिले. "तुझा टकला फिरला काय गो?"

"फिरलंय. सही कुठे करायची ते बोला."

 आणि शेवटी म्हणाले, "बघूया." आता तुम्हीच सांगा, 'बघूया' म्हणजे काय? आपल्याकडे 'बघूया' म्हणजे हो. मी हो धरलं. वकीलबाईंनीही धरलं.

घरी मुलगी तीन दिवस बोलली नाही माझ्याशी. "आई, आपलं एकच घर आहे," एवढंच बोलली होती. तिचं चुकलं नव्हतं. पण मी काही भोळेपणाने उडी मारली नव्हती. दावा खोटा आहे हे मला माहीत होतं, ती तडकलेली झाकणं माझ्याच हातांखालून गेली होती. वकीलबाईंना मी खोदून खोदून विचारलं होतं, हरलो तर काय, खोली कधी जाईल, किती मुदत मिळेल. सगळं ऐकून मग ठरवलं. घर असून काम नसेल तर त्या घराच्या भिंती खायच्या का? आणि शबाना, तिचा नवरा आजारी, बाकीच्या बायका, या वयात त्यांना दुसरीकडे कामावर कोण ठेवणार होतं? मुलगी शेवटी म्हणाली, "कर तुला काय करायचं ते." ते तिने रागाने म्हटलं, पण सोसायटीच्या कागदांचे झेरॉक्स तिनेच काढून आणले.

मग ऐपतीचा दाखला. तुमच्या नावावर एवढी मालमत्ता आहे असा सरकारी दाखला लागतो, त्याशिवाय जामीनदार चालत नाही. त्यासाठी तहसील कचेरीत हेलपाटे. सोसायटीचा चेअरमन विचारतो, "तो तुमचा कोण लागतो?" म्हटलं, "मालक लागतात." तो माझ्याकडे वेगळ्याच नजरेने बघायला लागला. मेल्याला तिथेच दोन शब्द सुनावले असते, पण सही हवी होती. शेवटी तारखेच्या आदल्या शुक्रवारी दाखला मिळाला. मी तो घेऊन मेट्रोने सरळ मरोळला गेले, तर काका बॅग भरून उभे.

"गावाक जावन येतंय. सोमवारी सकाळी कोर्टात हजर."

"काका, आत्ता कशाला?"

"काम आसा."

सोमवारी मी कोर्टात बाकावर, मांडीवर दाखला. वकीलबाई घड्याळ बघतायत. अर्जावर काकांची सही लागणार होती, त्याशिवाय माझा जामीन कागदावर चढणार नव्हता. मी फोन लावत होते, लागत नव्हता. शेवटी लागला. मागे घंटा वाजत होती.

"काका, कुठे आहात?"

"देवळात. कौल लावूचो हा. पण गुरवाक सुतक आसा गो, त्याचो चुलतो वारलो. सुतक फिटल्याशिवाय कौल नाय."

कौल म्हणजे देवाच्या मूर्तीवर ओल्या पाकळ्या चिकटवून प्रश्न विचारतात. उजवीकडची पाकळी पडली तर देव हो म्हणाला, डावीकडची पडली तर नाही. त्यांच्या गावात लग्न ठरवायचं असो नाहीतर विहीर खणायची असो, कौल घेतल्याशिवाय पान हलत नाही. आणि तो लावणार गुरवच. गुरवाच्या घरी माणूस गेलं म्हणून देव बोलायचा थांबला होता, आणि देव बोलत नाही म्हणून आमचे काका तिथे बसून होते. इथे कोर्टात पुकारा चाललाय! मला फोन फेकून द्यावासा वाटला.

आमच्या वकीलबाईंनी मुदत मागितली. व्यापाऱ्याचा वकील हसतच उठला. "साहेब, आम्ही दुसरं काय सांगत होतो? प्रतिवादी कुठे आहेत विचारा. गावी! पोचलेसुद्धा."

मुदत मिळाली नाही, जप्तीचा हुकूम झाला. कोर्टाचा बेलीफ गाळ्यात आला, थोरली, मधली, धाकटी तिघींना सील लागलं. आम्ही बायका बाहेर पॅसेजमध्ये उभ्या. जौनपूरवाला रडत होता. शबाना मला म्हणाली, "तू दाखला आणलास ना? मग?" मी काय सांगू तिला? गुरवाचा चुलता वारला म्हणून सांगू?

शेवट आधीच सांगून टाकते, म्हणजे मधलं नीट सांगता येईल. दावा आम्ही जिंकलो. दाणा भेसळीचा होता हे सिद्ध झालं, सील निघालं. पण तोवर पावसाळे गेले होते. छप्पर गळून मशिनींना गंज चढला होता, गिऱ्हाईकं केव्हाच दुसरीकडे गेली होती. मशिनी भंगारवाल्याने वजनावर नेल्या. गाळ्यात आता कुरियरचं गोदाम आहे. शबाना लोकांच्या घरी पोळ्या लाटते. मी एका हॉस्पिटलात आयाचं काम करते, मुलीनेच लावून दिलं. काका गावी वगैरे गेले नाहीत. बोरिवलीला मुलाकडे बसून राहिले आणि तिथेच गेले.

आता मधलं. सील लागलं म्हणजे सगळं संपलं असं नव्हतं, आणि माझा खरा राग यावरच आहे. वकीलबाईंनी स्पष्ट सांगितलं होतं, "जप्ती झाली तरी तारण कधीही देता येतं. उद्या दिलंत तर उद्या अर्ज करते, सील निघेल." म्हणजे काका आले, सही केली, की झालं. मी बायकांना सांगितलं होतं, थांबा जरा, कोणी दुसरं काम धरू नका. त्या माझ्या शब्दावर थांबल्या.

सुतक फिटलं, काका आले. गाळ्यात त्यांच्या टेबलाशी बसले होते, समोर सील केलेल्या मशिनी. मी दाखला त्यांच्यापुढे ठेवला, पेन ठेवलं.

त्यांनी दाखला माझ्याकडे सरकवला. "नको."

"नको म्हणजे?"

"कौल डावो पडलो."

माझा आवाज चढला. "कसला कौल? कारखाना वाचवायचा की नाही, हे देवाला विचारायचं? नाही म्हणाला तुमचा देव? एवढ्या सोमवारचे नारळ खाऊन नाही म्हणाला?"

"कारखान्याचा नाय इचारलंय मी."

"मग काय विचारलंत?"

ते धाकटीकडे बघत होते. माझ्याकडे बघेनात. "तुझी खोली जामिनाक लावू काय, ता इचारलंय."

मला क्षणभर कळलंच नाही. कळलं तेव्हा मी दाखला पुन्हा त्यांच्यापुढे आपटला. माझी खोली! माझ्या खोलीचा निर्णय कोणी घ्यायचा, तर कुठल्यातरी देवळातल्या ओल्या पाकळीने? मी म्हटलं, "काका, खोली माझी आहे. गेली तर माझी जाईल. तुम्हाला तुमच्या बापाची भीती, ती माझ्यावर कशाला? आणि विचारायचंच होतं तर मला विचारायचं. एवढ्या लांब जायला कशाला हवं होतं? मी रोज इथे समोर बसत होते!"

काकांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. ते बघून मला आणखी चीड आली.

"तुका इचारून काय उपेग गो?" ते म्हणाले. "तू होयच म्हणतलंस."

होयच म्हणणार होते! नीट विचार करून, मुलीशी भांडून, कचेरीत उभी राहून होय म्हणणार होते. त्या माणसाने माझं होय जमेस धरलंच नाही.